छोट्या गाडीचे गार्डसाहेब

माझ्या शिक्षणाचं श्रेय कुणाचं, असं कुणी विचारलं तर मी आईवडिलांच्याही आधी एक नाव घेतो, आणि माझ्या वडिलांनाही ते मान्य होतं. गोविंदराव मेश्राम. इतवारीहून उमरेडमार्गे नागभीडकडे जाणाऱ्या छोट्या गाडीचे गार्ड. गेल्या महिन्यात ते गेले. त्यांची मुलगी सुनंदा हिचं कार्ड आलं तेव्हा मी कॉलेजच्या स्टाफरूममध्ये उत्तरपत्रिका तपासत बसलो होतो. सक्करदऱ्याच्या घरी दुपारचं जेवण झालं, खुर्चीत बसल्या बसल्या डोळा लागला, आणि चहाला उठवायला गेले तर उठले नाहीत, एवढंच तिनं लिहिलं होतं. कार्ड मिळेपर्यंत चार दिवस होऊन गेले होते. त्यांच्या जाण्याची बातमी कुठल्या पेपरात आली नाही. येण्याचं कारणही नव्हतं. म्हणून मीच लिहायला बसलो आहे...

आम्ही उमरेडचे कोष्टी. घरात माग, मागावर वडील सोनबा, आणि चरख्यावर कांड्या भरणारी आई. आमच्या गल्लीतून मॅट्रिक झालेला मी दुसरा आणि कॉलेजात गेलेला पहिला. नागपुरात खोली घेऊन राहणं शक्य नव्हतं, म्हणून रोज सकाळी सहाच्या गाडीनं निघायचं, सव्वानऊला इतवारीत उतरायचं, तिथून पायी कॉलेज, आणि संध्याकाळच्या गाडीनं परत, असं ठरलं. साठच्या दशकातली ती वाफेची छोटी गाडी आता ज्यांना आठवत असेल त्यांना तिचे डबेही आठवत असतील. कोणत्या डब्यात कोण बसायचं हे कुणी ठरवून दिलं नव्हतं, पण पक्कं होतं. दुसऱ्या डब्यात इतवारीच्या पेढीवर लुगडी घेऊन जाणारे आमचे लोक. तिसऱ्यात भाजीवाल्या बाया. शेवटच्या डब्याला लागून गार्डाची खोली, आणि तिथं भिवापूरहून आलेली मिरचीची पोती. त्यामुळे शेवटच्या डब्यात बसणारा माणूस नागपूर येईपर्यंत शिंकत असे, आणि त्याच कारणानं तो डबा बराचसा रिकामा असे. मला वाचायला जागा हवी होती. मी नाकाला उपरणं बांधून तिथं बसू लागलो.

आठवडाभरानं एका स्टेशनावर गार्डसाहेब खिडकीशी येऊन उभे राहिले. उंच, सडपातळ, पांढरा कोट इतका स्वच्छ की कोळशाच्या गाडीवर नोकरी करणारा माणूस वाटू नये. म्हणाले, "काहून गा, मिरची झोंबत नाही का तुले?" मी सांगितलं, झोंबते, पण इथं वाचता येतं. त्यांनी पुस्तक हातात घेतलं. इंग्रजीतलं अर्थशास्त्र होतं. एक परिच्छेद वाचून दाखव म्हणाले. आमच्या शाळेत इंग्रजीचे मास्तर वर्षातून सहा महिने असायचे, सहा महिने नसायचे. मी वाचलं ते ऐकून ते गंभीरपणे म्हणाले, "वाचून राहिला का दळण दळून राहिला?"

दुसऱ्या दिवसापासून माझी शिकवणी सुरू झाली. पुस्तक मात्र माझं नव्हतं, त्यांचं होतं, रेल्वेच्या नियमांचं. जिथं जिथं गाडी पाच-दहा मिनिटं थांबे तिथं ते खाली उतरून खिडकीशी उभे राहत आणि मी आत बसून नियम वाचून दाखवत असे. वाक्य वाचायचं, अर्थ मराठीत सांगायचा, मग पुस्तक मिटून तेच इंग्रजीत पुन्हा म्हणायचं. त्या इंग्रजीत अलंकार नव्हते, विनंती नव्हती. कुणी काय करायचं आणि काय झालं तर काय करायचं नाही, एवढंच होतं. मी आजही इंग्रजी लिहितो ते थोडं गार्डासारखंच लिहितो, असं माझे सहकारी म्हणतात. मी ते कौतुक समजतो.

त्यांचे वडील इतवारीच्या मालधक्क्यावर हमाल होते. ते स्वतः मोतीबागेच्या इंजिनशेडमध्ये खलाशी म्हणून लागले. छप्पन साली नागपुरात त्यांच्या घरानं दीक्षा घेतली तेव्हाही ते खलाशीच होते. ते सांगत, दीक्षेहून परत आलो आणि ठरवलं की आता पाठीवर ओझं घेणार नाही, डोक्यात घेईन. इंजिनं पुसता पुसता त्यांनी नियमांचं ते पुस्तक तोंडपाठ केलं आणि परीक्षा देत देत गार्ड झाले. मी त्यांना आधी गार्डसाहेब म्हणत असे, मग काकाजी कधी म्हणायला लागलो ते आठवत नाही.

नियमांच्या जोडीला इतिहास यायचा. तो त्यांच्या पुस्तकात नव्हता. तो त्यांनी वडिलांकडून आणि म्हाताऱ्या गँगमनांकडून गोळा केला होता. मुंबईची लाइन आधी नागपुरात येऊन संपली, म्हणायचे, आणि बरीच वर्षं हे शहर म्हणजे रुळाचं शेवटचं टोक होतं. मग छत्तीसगडकडे लाइन निघाली, ती आधी मधल्या मापाची. मग ती रुंद झाली, कलकत्त्याला जोडली गेली. उत्तर-दक्षिणेची लाइन त्याहून मागची. त्यांचं म्हणणं असं की राज्य येतं-जातं, पण चार दिशांचे रूळ एकमेकांना ओलांडतात ती जागा हलत नाही, आणि नागपूर ती जागा आहे. मोठ्या स्टेशनाची इमारत सावनेरकडच्या दगडाची, हे सांगताना ते दगड फोडणाऱ्यांपासून सुरुवात करत, साहेबांपासून नाही. छोट्या लाइनीचा त्यांना विशेष जिव्हाळा. मोठी लाइन शहरांना भेटायला जाते, छोटी लाइन खेड्यांना घ्यायला येते, असं म्हणायचे. धान्य, लाकूड, मिरची, लुगडी, आणि आता कॉलेजची पोरं.

तीन वर्षं अशी गेली. बी.ए.च्या शेवटच्या परीक्षेचा पहिला पेपर अकरा वाजता होता. एप्रिल महिना. वडिलांनी आदल्या दिवशी गल्लीत सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. सकाळी गाडी वेळेवर निघाली.

पुढचं समजायला एक गोष्ट माहीत हवी. छोटी लाइन एकेरी. समोरासमोर दोन गाड्या येऊ नयेत म्हणून दर दोन स्टेशनांमधल्या रुळासाठी लोखंडी गोळे असत, यंत्रात बंद. एका वेळी त्यातला एकच बाहेर निघे. गोळ्यावर दोन्ही स्टेशनांची नावं कोरलेली. तो चामडी पिशवीत, पिशवी वेताच्या मोठ्या कड्याला, आणि कडं ड्रायव्हरच्या हातात. स्टेशन आलं की जुना गोळा द्यायचा, पुढचा घ्यायचा. गोळा हातात नसेल तर पुढं जायचं नाही.

त्या दिवशी मधल्या एका लहान स्टेशनावर मास्तरांच्या लेकीला मुलगा झाल्याचे पेढे होते. स्टेशनाचं नाव लिहीत नाही, मास्तरांची नातवंडं आता मोठी झाली असतील. ड्रायव्हर रहीमभाईंनी जुनं कडं मास्तरांच्या हातात दिलं. मास्तरांनी ते काखेत अडकवून पेढ्यांचा पुडा उघडला. रहीमभाईंनी पेढा खाल्ला, फायरमननं खाल्ला, फलाटावर उतरलेल्या मलाही परीक्षेचा म्हणून एक दिला. गळाभेट झाली. आणि मास्तरांनी काखेतलं तेच कडं रहीमभाईंच्या हातात परत दिलं. पुढचा गोळा यंत्रातून काढलेला, टेबलावर तसाच राहिला.

तीनेक मैल आल्यावर फायरमननं पिशवी चाचपून गोळा पाहिला, आणि गाडी शेतात थांबली. रहीमभाई इंजिनातून उतरून गार्डाच्या डब्याशी चालत आले. मी खिडकीतून ऐकत होतो. ते म्हणाले, "साहब, गोला मास्टर की टेबल पे पड़ा है, अपने को मालूम है. सामने से कोई आ नहीं सकता. चलने दो." गोळा यंत्राबाहेर आहे म्हणजे दुसरा निघू शकत नाही, हे काकाजींनाही माहीत होतं, मलाही माहीत होतं. मीच तो नियम त्यांना पाठ म्हणून दाखवला होता. काकाजी म्हणाले, "मालूम आहे म्हणून गाडी चालत नसते, रहीमभाई. हातात गोळा आहे म्हणून चालते." आणि त्यांनी गाडीवरच्या एका खलाशाला गोळा आणायला मागच्या स्टेशनावर पायी पाठवलं आणि स्वतः, येणाऱ्या गाडीला इशारा म्हणून, रुळावर फटाके लावायला निघाले.

मी उडी मारून त्यांच्यामागं धावलो. म्हणालो, काकाजी, अकराला पेपर आहे. त्यांनी मान वर न करता सांगितलं, "मले माहीत आहे. सडक तिकडं, दोन मैल. पाय उचल. ट्रक भेटते."

मी पाय उचलला नाही. इथं मी थांबलो, आणि मला आता वीस वर्षांनंतरही ती जागा दिसते. दोन्ही बाजूंना कापणी झालेली शेतं, ऊन अजून कोवळं, लोक डब्यातून उतरून बाभळीच्या सावलीत बसू लागलेले. भाजीवाल्या बाया काकाजींना चिडवत होत्या. एक म्हणाली, "गार्डसाहेब, माही मेथी सुकून राहिली, तिले बी गोळा पायजे का?" दुसरी म्हणाली, पेढा खाल्ला ड्रायव्हरनं आणि उपास घडला आम्हाले. काकाजी हसत होते, हातातलं काम करत होते. आणि मी त्यांच्यामागं या टोकापासून त्या टोकापर्यंत फिरत होतो. मी विनवण्या केल्या. तीन वर्षांची आठवण दिली. वडिलांचं नाव घेतलं. शेवटी म्हणालो, माझ्यासाठी एवढंसुद्धा करत नाही तुम्ही?

तेव्हा ते थांबले. "गाडीत लय माणसं आहेत गा," ते म्हणाले. "त्याइले पेपर नाही म्हणून त्याइची जान सस्ती आहे का? तू बोलून राहिला तेवढ्यात सडक अर्धी झाली असती. जाय."

दोन माणसं गेली. एकाची कोर्टात तारीख होती, दुसरा कुणाच्या तरी लग्नाच्या खरेदीला निघाला होता. धोतर खोचून दोघं शेतातून सडकेकडे चालत निघाले, आणि मी त्यांच्या पाठी लहान होताना पाहिल्या. मी मात्र डब्यात जाऊन मिरचीच्या पोत्यांजवळ बसलो. रागानं बसलो. मला वाटत होतं, हा माणूस माझ्याकडे पाहील आणि त्याला जड जाईल.

गोळा आला तेव्हा पावणेदहा झाले होते. इतवारीत सव्वाअकराला उतरलो, धावत कॉलेज गाठलं, आणि पावणेबाराला दार बंद होतं. अर्ध्या तासानंतर आत घ्यायचं नाही, हा तिथला नियम. माझं वर्ष गेलं.

घरी मी काय सांगितलं? गार्डानं गाडी अडवून ठेवली, हे सांगितलं. ते खोटं नव्हतं. सडकेचं सांगितलं नाही. हळूहळू गल्लीत, मग सगळ्या उमरेडात बोललं जाऊ लागलं की मेश्राम गार्डानं सोनबाच्या पोराचं वर्ष खाल्लं. काही लोक त्यात त्यांच्या जातीचा विषय काढून बोलत, तेही माझ्या कानावर येई. मी गप्प राहिलो. एका सकाळी वडील स्वतः स्टेशनावर गेले. गाडी उभी होती, डब्याडब्यांतून लोक पाहत होते. वडील काकाजींसमोर उभे राहून म्हणाले, "तुमच्या पोराचा पेपर असता तर थांबली असती का गाडी?" मी वडिलांच्या मागंच उभा होतो. काकाजींनी माझ्याकडे पाहिलं. एका वाक्यात ते सगळं संपवू शकत होते... त्यांनी वडिलांना हात जोडले, घड्याळ पाहिलं आणि झेंडी काढली.

चार महिने मी मागावर बसलो. मग एक दिवस गल्लीतल्या एका विणकराच्या हाती काकाजींचा निरोप आला की सुट्टीच्या दिवशी इतवारीला ये, वही घेऊन ये. काय म्हणून जावं ते कळत नव्हतं, आणि न जाण्याला तोंड नव्हतं. गेलो. त्यांनी त्या दिवसाचा विषयच काढला नाही. म्हणाले, "वर्ष भेटलं आहे तुले. लोकाइले भेटत नाही." आणि मला मोतीबागेमागच्या चाळीत घेऊन गेले. तिथं एक म्हातारे मिस्त्री होते, त्यांनी छोट्या लाइनीचे रूळ पडताना पाहिले होते. त्यांच्यासमोर मला बसवलं आणि म्हणाले, हे बोलतील, तू लिही, आणि जे समजणार नाही ते समजलं असं लिहू नको.

त्या वर्षभरात त्यांच्या प्रत्येक सुट्टीच्या दिवशी आम्ही फिरलो. गँगमन, सांधेवाले, मालधक्क्याचे मुकादम, स्टेशनाबाहेर तीन पिढ्या टांगा हाकणारं एक कुटुंब, पाणी पाजणाऱ्या एक आजी. जेवायला त्यांच्या घरी. काकू मला वाढताना म्हणत, "खाय रे बाबू, तुम्ही दोघं इतिहास खाऊन जगून राहिले." नागपुरातल्या रेल्वेचा इतिहास कागदांतून लिहिणारे पुष्कळ असतील, मी तो माणसांच्या तोंडून उतरवला. पुढं बी.ए. झालो, मग त्याच वह्यांवर एम.ए.चा प्रबंध झाला, आणि त्या प्रबंधावर नोकरी. म्हणजे ज्या वर्षासाठी मी गावभर रडलो, त्याच वर्षावर माझं सगळं आयुष्य उभं आहे.

पण ती गोष्ट अंगात काट्यासारखी राहिली. नोकरीच्या गावी बिऱ्हाड केल्यावर पहिल्याच महिन्यात मी काकाजींना एक पत्र लिहिलं. त्यांना लिहिलेलं माझं ते एकमेव पत्र, कारण एरवी आम्ही भेटतच असू. त्याचं उत्तर आलं नाही, उत्तराची गरज पडली नाही. पुढं माझे वडील आणि काकाजी यांचं असं काही जमलं की लुगडी घेऊन इतवारीला गेलेले वडील मुक्कामाला त्यांच्याकडेच राहू लागले. दोघांत बोलणं थोडंच होई. वडील गेले तेव्हा काकाजी निवृत्त झालेले होते, तरी पहाटेच्या गाडीनं आले आणि खांदा दिला.

परवा सक्करदऱ्याला गेलो होतो. काकाजींची खुर्ची खिडकीशीच होती. सुनंदा म्हणाली, बाबा कुणाला तिच्यावर बसू नको म्हणत नव्हते, पण आता कुणाला बसवत नाही. चहा झाल्यावर तिनं आतून नियमांचं ते पुस्तक आणून दिलं. माझं पत्र त्यात घडी करून ठेवलेलं होतं. म्हणाली, घेऊन जा, हे तुमच्या दोघांतलं आहे. मला वाटतं, ते दोघांतलं राहिलं हीच माझी चूक होती. म्हणून जसंच्या तसं देतो.

आदरणीय काकाजी,

सविनय जयभीम. मी इथं सुखरूप आहे. खोली बरी आहे. मुलं ऐकतात. इंग्रजी वाचताना दळण दळणारी पुष्कळ आहेत, त्यांना मी खिडकीशी उभं करून वाचायला लावतो.

एक गोष्ट लिहायची राहिली आहे. पेपरच्या दिवशी तुम्ही मला पहिल्या मिनिटाला सांगितलं होतं की सडक तिकडं आहे, पाय उचल. मी उचलला नाही. माझ्यासोबतची दोन माणसं चालत गेली. पुढं कळलं की त्यांना ट्रक मिळाला आणि ती साडेनऊला नागपुरात होती. मी गेलो असतो तर पेपरला तासभर आधी पोचलो असतो. माझं वर्ष तुम्ही घेतलं नाही, गाडीनं घेतलं नाही, मी रुसून बसलो त्यात ते गेलं. घरी मी हे सांगितलं नाही. बाबा तुम्हाला लोकांसमोर बोलले तेव्हाही सांगितलं नाही. तुम्ही माझ्याकडे पाहिलंत आणि मला वाचवलंत, हे मला तेव्हाच कळलं होतं.

मागच्या रविवारी उमरेडला जाऊन मी बाबांना सगळं सांगितलं. त्यांनी माग थांबवला. मग म्हणाले, फलाटावर बोललो होतो, फलाटावरच जावं लागेल.

येत्या सोमवारी सकाळच्या गाडीवर तुमची ड्यूटी आहे, हे मी विचारून घेतलं आहे. बाबा आणि मी दोघंही उमरेड स्टेशनावर येत आहोत. गल्लीतली चार माणसंही येतील, त्यांनाही ऐकायचं आहे. आधी मी बोलेन. बाबांना जास्त बोलता येत नाही, ते तुम्हाला ठाऊक आहे.

आमच्यासाठी गाडी थांबवून ठेवू नका. तुम्ही झेंडी दाखवण्याआधी जी दोन-चार मिनिटं असतात तेवढी पुरतील. नाही पुरली तर उरलेलं संध्याकाळच्या गाडीवर येऊन सांगू.

तुमचा,
रामकृष्ण